झेंड्याचं दुसरं टोक

बायकोनं सव्वीस जानेवारीला घालून ठेवलेली झेंड्याची घडी मोडायची की नाही, हा प्रश्न मला ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात पडला. ती जूनमध्ये गेली होती.

इकडे कन्नड मुलखात, के. आर. पुरमच्या आमच्या घरात, तळमजल्यावर, बावीस वर्षं तिची बालवाडी होती. चार-पाच वर्षांची वीस-पंचवीस पोरं, एक घसरगुंडी आणि अंगणात लोखंडी नळाचा खांब. वर्षातून दोनदा त्या खांबाला झेंडा लागायचा, आणि आधीचा आठवडाभर ती मुलांना नियम शिकवायची. केशरी वर. जमिनीला लागू द्यायचा नाही. चढवताना झरझर, उतरवताना सावकाश. उतरवल्यावर घडी. घडीचा सराव मुलं आपापल्या डब्यातल्या नॅपकिनवर करायची. त्या आठवड्यात आपल्या अंगणात चित्रान्न-भाताचे पिवळे डाग पडलेले पंचवीस राष्ट्रध्वज असतात, असं मी म्हणायचो. तिला ते मुळीच आवडत नसे.

मला समारंभांचं वावडं आहे. नोकरीची सगळी वर्षं मी एका कारखान्याच्या कचेरीत साहेबांची भाषणं लिहिली. 'बलिदान' हा शब्द कुठे आला की टाळ्या पडतात हे मला पाठ होतं, आणि टाळ्या पडेपर्यंत साहेबांना उन्हात उभं राहवत नाही हेही. निवृत्तीनंतर मी व्हरांड्यातल्या खुर्चीतून, कॉफी पीत, बायकोच्या सोहळ्यावर शेरे मारायचो. एकदा झेंड्याची कडा उसवली तेव्हा तिनं ती हिरव्या दोऱ्यानं शिवली. फाटका झेंडा लावायचा नाही असा नियम आहे, मी म्हटलं.

"फाटका. शिवलेल्याबद्दल कुणी काही म्हटलेलं नाही," ती म्हणाली. "अहो, उठा आता. टोक धरा."

घडीसाठी ती मला उठवायचीच. तेवढा मोठा झेंडा एकट्याला आवरत नाही. चादरीसारखंच ते. दोघांनी आडवा ताणून धरायचा, केशरी आणि हिरवा पट्टा पांढऱ्याखाली घ्यायचा, मग मी माझं टोक घेऊन तिच्याकडे चालत जायचं आणि तिच्या हातात द्यायचं. पुढचं ती करायची. मी खुर्चीकडे वळायचो, कारण कॉफी निवत असे.

हॉस्पिटलातल्या शेवटच्या दुपारी मी तिला पेपर वाचून दाखवत होतो. कुठल्याशा पुलाचं तिसऱ्यांदा उद्घाटन झालं होतं. त्यावर मी बरंच बोललो. चांगलं बोललो, असं तेव्हा वाटलं. ती छताकडे बघत पडली होती. झोप नव्हती तिला चार दिवस.

"अहो, स्वल्प गप्प बसा ना," ती म्हणाली.

मी गप्प बसलो आणि पेपर वाचत राहिलो. त्यानंतर आमचं बोलणं झालं नाही.

बालवाडी मार्चपर्यंत चालू ठेवायची असं पालकांनी आणि मी ठरवलं. पोरांना सांभाळायला अक्का होती, पंधरा वर्षांपासूनची आमची आया. ऑगस्टात ती जिना चढून वर आली.

"सार, झेंड्याचं काय? पोरं विचारतायत."

"तूच शिकव."

"मी? ते मिसचं काम. मी नाकं पुसते."

मग मी उतरलो. पण त्याआधी इंदिरानगरला जाऊन एक नवा झेंडा आणला. जुना कपाटात होता, तिच्या साड्यांच्या वर: हातभर लांब, चपटी घडी, वर चक्र, चक्राच्या दोन बाजूंना केशरी आणि हिरव्याची कड. शेवटचं टोक तिनं असं काही आत खोचलं होतं की पिन नको, दोरा नको. तिच्या हातानं केलेलं आणि अजून जसंच्या तसं असलेलं घरात तेवढंच उरलं होतं. लोणचं संपलं होतं. विणकामाची पिशवी मुलगी पुण्याला घेऊन गेली. ती घडी मोडली की संपलं, हे मला अगदी स्वच्छ कळत होतं. म्हणून नवा झेंडा.

तो मुलांपुढे धरला. मधल्या रांगेतली दोन वेण्यांची एक मुलगी उठली, जवळ आली, आणि कापड विकत घ्यायला आल्यासारखी चारही कडा बघून गेली.

"ताता, हा आपला नाही." इथली मुलं आजोबांना ताता म्हणतात.

"आपलाच आहे. नवा आहे."

"आपल्या झेंड्याला शिवण आहे. मिसनी शिवलेली."

"मिसचा झेंडा कुठंय?" मागून कुणीतरी विचारलं. मग सगळ्यांनीच विचारलं. अक्कानं माझ्याकडे बघितलं नाही, हे तिचे उपकार.

पंधरा तारखेला सकाळी मी कपाट उघडलं आणि घडी मोडली. टोक ओढलं, झालं. दोन सेकंदही लागले नाहीत. आत काही नव्हतं. काय असणार होतं?

झेंडा चढला. दोन वेण्यांच्या मुलीनं हिरवी शिवण शोधली आणि मान हलवून मंजुरी दिली. मी भाषण केलं नाही. आयुष्यात प्रथमच स्वतःच्या नावावर भाषण करायची संधी होती, आणि सुचलं नाही.

दुपारी मुलं घरी जायच्या आत झेंडा उतरवायचा हा तिचा नियम, कारण उतरवणं हाही धडा. सावकाश उतरवला. मी तिच्या जागी उभा राहिलो, अक्का माझ्या. दोघांनी ताणून धरला, पट्टे खाली घेतले. अक्का टोक घेऊन चालत आली आणि माझ्या हातात देऊन बाजूला झाली.

मी उभा राहिलो. पुढे काय, मला ठाऊक नव्हतं. इतकी वर्षं, वर्षातून दोनदा, मी इथपर्यंत चालत आलो होतो आणि इथूनच पाठ फिरवली होती.

"मिस पुढे काय करायच्या?" मी मुलांना विचारलं.

डबे उघडले. नॅपकिन निघाले. गेल्या जानेवारीला जी सातजण होती ती जमिनीवर बसून घडी घालू लागली.

"असं, ताता."

"असं नाही रे, मिस असं करायच्या!"

"तुझं पोळीसारखं झालंय!"

सातजणांच्या सात घड्या झाल्या. एकीचं टोक आत गेलं नाही. एकाचा चक्क समोसा झाला. तिची घडी त्यात कुठेच नव्हती.

पण घडी संपल्यावर सातही जणांनी एकच केलं. नॅपकिनवर उजवा तळहात ठेवला, हलकेच दाबला, आणि कन्नडमध्ये म्हटलं, "मलगु." झोप आता.

"हे काय?" मी अक्काला विचारलं.

"मिस दर वेळी म्हणायच्या, सार. झेंड्याला. तुम्हाला माहीत नाही?"

झेंडा मला जमला तसा दुमडला. हिरव्याची कड जास्त बाहेर आली, टोक लोंबत राहिलं. मुलं माझ्या उजव्या हाताकडे बघत होती. मी तो कापडावर ठेवला, दाबला.

तिच्यासाठीही एवढंच तर करायचं होतं. त्या दुपारी हॉस्पिटलात माझे दोन्ही हात पेपर धरण्यात गुंतले होते.