मागचं दार आणि आर्थरकाका

सावंतांच्या मेरीने बेल वाजवली तेव्हा मी गच्चीवरच्या टाकीची किल्ली शोधत होते. "सुनंदाताई, बाबा गेले हो... झोपेतच," ती म्हणाली. सासूकडून शिकलेल्या तिच्या मराठीतला मालवणी हेल तेव्हाही सुटला नव्हता. डॉक्टरांचा दाखला, पाद्री, दफनभूमी, इंग्लंडला तार अशी कामं मी एकामागून एक उरकली. सोसायटीची सेक्रेटरी असल्याने ते मला जमतं. निवांत बसून आठवायला मात्र मधे काही आठवडे जावे लागले.

आर्थर डनथॉर्प हे नाव मुलुंडच्या आमच्या इमारतीत कुणाच्या तोंडी बसलं नाही, म्हणून ते सगळ्यांचे आर्थरकाका. कोळशाच्या खाणींचं गाव, वडील खाणीत, वयात येण्याआधी हेही खाणीत. पुढे कामगार संघटना आणि महायुद्ध संपल्यावर थेट पार्लमेंट! मुलीने, म्हणजे मेरीने, तिकडे शिकायला आलेल्या आमच्या सावंतांशी लग्न केलं आणि बायको गेल्यावर काका लेकीकडे राहायला आले. माजी खासदार येणार म्हणून आमचे चेअरमन पालेकर हार घेऊन गेले. काकांनी हार घेतला, आभार मानले आणि विचारलं, "तुमच्याकडे पाणी किती वाजता येतं?"

पार्लमेंटच्या गोष्टी ते फारशा सांगत नसत. एक मी खोदून काढली. खाणीत मेलेल्या कामगारांच्या विधवांची मदत कमी करणारं विधेयक त्यांच्याच पक्षाने आणलं होतं. बाजूने मत द्या, असा आदेश होता. तिथे मतदान हात वर करून होत नाही, दोन वेगवेगळ्या दारांनी बाहेर पडायचं आणि दाराशी मोजणी होते. काका उठले आणि विरोधकांच्या दाराने गेले. पुढच्या निवडणुकीत पक्षाने त्यांना उभं केलं नाही. मग रात्रशाळेत गणित शिकवत राहिले. "वाईट नाही वाटलं?" मी विचारलं. "वाटलं ना. ते दार फार लांब होतं," ते म्हणाले आणि हसले...

ही गोष्ट मला ऐन वेळी उपयोगी पडली. आमच्या आवाराच्या मागे वस्ती आहे. तिथल्या कांबळेबाईंची सुरेखा पोलिओमुळे पायाला आधाराचा लोखंडी कॅलिपर घालून चालायची आणि आमच्या मागच्या फाटकातून शाळेला जायची. एकदोन सायकली चोरीला गेल्या आणि पालेकरांनी फाटक कायमचं बंद करायचा ठराव आणला. मग तिला ट्रकच्या हमरस्त्याने वळसा घालावा लागला असता. "ताई, लेकीची शाळा सुटंल वो," कांबळेबाई मला म्हणाल्या. आमच्या सभेत सगळे आधी पालेकरांच्या हाताकडे बघत आणि मग आपला वर करत. मी काकांना विचारलं, काय करू? ते म्हणाले, "हॉलला दारं किती?"

दोन होती. ठराव मान्य असेल त्यांनी पुढच्या दाराने जायचं, नसेल त्यांनी मागच्या. पालेकरांना ही कल्पना झकास वाटली, पार्लमेंटसारखं! पुढच्या दाराशी ते स्वतः मोजायला उभे राहिले. काका सभासद नव्हते, म्हणून मागच्या दाराशी मोजायला ते. फक्त चहा आणि गरम बटाटेवडे पुढच्या दाराबाहेर मांडलेले होते. पालेकरांनी ते मुद्दाम मांडले असं मी म्हणणार नाही.

आधी माणसं सरळ वड्यांकडे निघाली. मी उठून मागच्या दाराने गेले, काकांनी मान हलवली. माझ्यामागे कुणीच नाही... तेवढ्यात राणेकाकू पदर खोचत उठल्या.

"अगो, वडे थंय आसत!" राणेकाका ओरडले.

"आसांदेत. घराक गेल्यार तळून घालतंय. चल आधी!"

हॉलभर हशा पिकला आणि माणसं वळू लागली. काही तर पुढच्या दाराच्या उंबऱ्यावरून परत फिरली. मोजणी झाली आणि ठराव चार मतांनी पडला.

"काय साहेब, तुमच्या पार्लमेंटात चहा देत नाहीत?" पालेकर चिडून म्हणाले.

"देतात. मत दिल्यावर."

मग पालेकर स्वतःच वड्यांची परात उचलून मागे घेऊन आले. पहिला वडा त्यांनी काकांच्या हातात दिला. तिखटाने काकांचे डोळे भरून आले, पण त्यांनी संपवला. त्या माणसाने आम्हाला भाषण कधी दिलं नाही, एकदा फक्त दाराशी उभा राहिला. तेवढ्यासाठी मी त्यांची कायमची ऋणी आहे.

सुरेखा आता घाटकोपरला कॉलेजात जाते. रोज सकाळी सातच्या सुमारास मागच्या फाटकाची कडी करकरते आणि मागोमाग कॅलिपरचा आवाज अंगणातून पुढे जातो. कडीला तेल घालायचं, हे काम माझ्या यादीत बरेच दिवस होतं. काल ते न करताच खोडून टाकलं.