निघोज्यात मेले तेव्हा

टीव्हीवर मी इतक्यांदा मेलेय की थेरगावात भाजी घेताना बायका मला हात लावून बघतात, जिवंत आहे ना म्हणून. गळा दाबून झालं, विष घालून झालं, विहिरीत ढकलून झालं. खऱ्या गुन्ह्यांच्या कार्यक्रमात घडलेले प्रसंग पुन्हा उभे करतात, त्यातली मरणारी बाई मी. हिरॉईन व्हायला निघाले होते, कसलं काय! डोळे उघडे ठेवून श्वास धरता येतो, म्हणून मला बोलावतात.

निघोज्याला शूटिंग होतं. चाकणच्या कंपनीत पॅकिंगला जाणारी बाई, नवऱ्याने संशयावरून मारलेली. शूटिंगची खोली घेतली तीही खऱ्या घरापासून दोन गल्ल्या सोडून. कुणाची अक्कल, देव जाणे. जेवणाच्या सुट्टीत त्या बाईची आई आली, कडेवर नात. माझ्या अंगातल्या कंपनीच्या शर्टाकडे बघत राहिली. मग सांगायला लागली, की आपण तेव्हा गावाकडे होतो, मुलगी फोनवर तासभर बोलायची ती आपल्याशीच. जावयाला पटलं नाही. आता तो तुरुंगात आहे, तरी गल्लीत कुजबुज चालूच. उद्या ही पोर शाळेत जाईल, तिला आईवरून कोण काय बोलेल, याचाच म्हातारीला घोर.

"ताई, फोनवर तेवढं एकदा 'आई' म्हना," ती म्हणाली. "लोकांच्या कानावर पडू द्या."

मी दिग्दर्शकाला विचारलं. म्हणा की, काय बिघडतंय, म्हणाला.

मी फोन कानाला लावला आणि म्हटलं, "आई, जेवलीस का?" अगदी मनापासून म्हटलं. दाराशी उभी राहून म्हातारी तोंडाला पदर लावून रडली. नंतर माझ्या गालांवरून हात फिरवून तिने कडाकडा बोटं मोडली. कधी दाखवणार, विचारलं. गल्लीतल्या सगळ्यांना घरी बोलावून बसवते, म्हणाली. मी वार सांगितला, वेळही सांगितली.

आता खरं सांगते. आमच्या असल्या प्रसंगांत आवाज घेतच नाहीत. आम्ही नुसते ओठ हलवायचे, वरून निवेदक बोलतो. मला हे पहिल्या दिवसापासून माहीत होतं. दिग्दर्शकालाही होतंच, म्हणून तर तो पटकन हो म्हणाला. तिचं समाधान मोडवेना, अशी मी स्वतःची समजूत घालते. पण खरं म्हणजे पुढचं काम जाईल म्हणून घाबरले होते. जळली मेली माझी जीभ.

सांगितलेल्या वारी मी घरी टीव्ही लावला. मी फोनवर हसतेय, ओठ हलताहेत, आणि वरून तो भरदार आवाज विचारतोय, "नवरा कामावर गेला की ही तासन्‌तास कुणाशी बोलत होती?" लगेच जाहिराती लागल्या.

तिकडे निघोज्यात सगळी गल्ली तिच्या घरात बसलेली असणार, नात मांडीवर. फोन दिसल्याबरोबर म्हातारीने सगळ्यांना गप्प केलं असेल, आता नीट ऐका म्हणून.