भिंतीवरची वाकळ

हिंगोलीकडच्या आमच्या कुरुंद्याच्या स्टँडवर एसटीत बसले आणि खिडकीतून पुढाऱ्यासारखा हात हलवला. पायात नवीन चपला, डोळ्यात माज. एसटी चालूच होईना. निरोपाला आलेल्यांनीच ती ढकलली, आणि मला पुन्हा एकदा, ओशाळून, हात हलवावा लागला. नव्वदच्या दशकातली गोष्ट. नवऱ्याला पुण्यात कारखान्यात काम लागलं होतं आणि मला वाटत होतं, पुणं माझ्यासाठीच थांबलंय. आई एवढंच म्हणाली, "भूक लागली तर लाजू नको, बाई."

पुणं कुठलं थांबतंय! मी 'का'ला 'काहून' म्हटलं की शेजारणी हसायच्या. मग मी तोंड मिटलं आणि जुन्या लुगड्यांची वाकळ शिवायला घेतली. आईनं शिकवली तशी: शेवटची कड बंद करण्याआधी आत भाकरीचा तुकडा, पांघरूण उपाशी राहू नये म्हणून. गल्लीतल्या चित्रकलेच्या बाईंनी ती पाहिली, आणि पुढं माझ्या वाकळी प्रदर्शनांत टांगल्या गेल्या. मी भिंती सारवून त्यावर गेरूची चित्रं काढायची, गावच्या बायांच्या ओव्या टेपवर लावायची, कधी स्वतःच वाकळ पांघरून लोकांपुढं बसायची. मला मल्टिडिसिप्लिनरी आर्टिस्ट म्हणू लागले. आमच्याकडं याला रिकामपण म्हणतात. माईकवर मान वाकडी करून मी सांगायची, ही वाकळ म्हणजे माझं घर. टाळ्या पडायच्या. माईकवरच्या त्या बाईचा कान पिरगाळावा वाटतो आता.

दोन हजारनंतर आई गेली, मग नवरा गेला. पुण्यात लेका-सुनेचं माझ्यावाचून अडत नव्हतं. मी कुरुंद्याला धाकट्या भावाकडं गेले ते कायमचं राहायचं ठरवूनच. फक्त विचारायचं बाकी होतं.

दुपारी जेवणं झाली. घरची माणसं खाली वाकळीवर आडवी झाली. भावजय शांता मायाळू. तिनं माझ्यासाठी बाज टाकली आणि पेटीतून कोरी चादर काढली, डांबरगोळीच्या वासाची.

म्हटलं, "शांते, मला वाकळच दे की."

ती हसली. "आक्का, पाव्हण्याला वाकळ देतेत व्हय? लोक काय म्हंतील?" मग चादर झटकत म्हणाली, "परतीची गाडी कधीची हाय तुमची?"

तिकीट मी काढलंच नव्हतं.

"उद्याची," म्हणाले.

गावात राहिलेल्यांनो, राग नाही. शांतानं मानच दिला. आणि माझ्यासारखं निघून आलेल्यांनो, तुम्हाला सांगते, घर तिथं असतं जिथं आपला मान कुणी ठेवत नाही, फाटकं पांघरूण अंगावर फेकतात आणि सरक म्हणतात. मला सरक म्हणणारं आता इथंही कुणी नाही, तिथंही नाही.

पुण्यात नात विचारते, आजी, तू कुठली? मी सांगते, हिंगोलीकडची. खोटं बोलताना माझा आवाज काय खणखणीत निघतो!