लळा लागलेलं पान

आमच्या वन्सं, म्हणजे माझ्या यजमानांची थोरली बहीण, उमेदीची सगळी वर्षं उजेडाच्या कारखान्यात होत्या. छपराच्या फटीतून सकाळी येणारा कोवळा उजेड ओल्या पाटीवर धरायचा, त्याचा पातळ पापुद्रा अलगद सोडवायचा आणि घडी करून काळ्या फडक्यात बांधायचा, हे त्यांचं काम. त्या पापुद्र्याला पान म्हणत. अंधारे जिने, मागच्या खोल्या, आजाऱ्यांची घरं, जिथे ऊन पोचत नाही तिथे ही पानं जात. वन्संचं पान कधी कोपऱ्यात पिवळं पडलं नाही की कडेला उसवलं नाही. त्याचा त्यांना तोराही होता. शेजारच्या पाटीवर कोणी कड वाकडी सोडवली की म्हणायच्या, "हा उजेड आहे की मांजराने ओढलेली चादर?"

ताजं पान आधी कोऱ्या भिंतीवर उघडायचं, असा तिथला नियम होता. कारण कोवळ्या उजेडाला लळा लागतो. तो पहिल्यांदा ज्याच्यावर पडेल त्याचाच होऊन बसतो. भिंतीवर पडला तर बरं; भिंतीला कसली माया? मग तो कुठेही पडायला मोकळा. पण माणसावर पडला, तर कायम त्या एकाच माणसावर पडतो, दुसऱ्या कशावरही नाही. असं पान कोणाच्या उपयोगाचं नसे. ते हौदात परत विरघळवत.

वन्संना एकच मुलगी. एका जागी ठरत नसे म्हणून सगळे तिला खार म्हणत. एकदा कारखान्यात वन्सं पान उघडत असताना ही "आई, दात पडला!" असं ओरडत, मूठ उंच धरून, भिंतीच्या आणि पानाच्या मधे आली. पान तिच्यावर पडलं. बायका हसून लोळल्या. मुकादमांनी कपाळाला हात लावला. "न्या आता घरी," म्हणाले, "लेकीला आंदण द्या."

घरी त्या पानाची मोठी गंमत झाली. जिन्यात ते उघडलं की जिना काळाकुट्ट आणि त्यात खार एकटी लख्ख, गुडघ्यावरच्या खरचटण्यासकट. लपंडावात तिला कोणी घेईना. भाऊजी, म्हणजे तिचे वडील, टपाल वाटून दमून येत, खालच्या पायरीवर बसत आणि तिचं उतरणं बघत. "पुन्हा," म्हणत. मग ती पुन्हा वर पळे.

पुढे ती तापाने गेली. नव्या दप्तराचा वाससुद्धा अजून गेला नव्हता.

भाऊजी कामावर जाईनात. ताट समोर ठेवलं तर ताटाकडे बघत बसत. एके दिवशी, पान ठेवलं होतं त्या वन्संच्या ट्रंकेपाशी बसून म्हणाले, "त्या पानात ती आहे ना गं? आत्ता नको, मला झेपायचं नाही. कधीतरी बघू." दुसऱ्या दिवशी भाऊजी दाढी करून कामावर गेले. तेव्हापासून वन्सं त्या पानाबद्दल गप्पच राहिल्या.

भाऊजींच्या शेवटच्या दुखण्यात मी मदतीला जाऊन राहिले होते. डॉक्टरांनी हात टेकले होते. वन्सं कपबशा विसळत होत्या.

"आज पान मागितलं त्यांनी."

"मग द्या की."

"अगं, तो उजेड तिच्यावर पडायचा म्हणून ती दिसायची. तिला आत धरून थोडाच ठेवलंय त्याने? तीच नाही, तर पडणार कशावर? काही दिसायचं नाही."

"विरून गेलं म्हणा," मी म्हटलं.

"माझ्या हातचं पान?" त्या ताडकन म्हणाल्या. मग ओल्या हातांनीच खाली बसल्या. "आणि तसं म्हटलं तर ती दुसऱ्यांदा गेल्यासारखं होईल त्यांना. उघडलंच नाही, तर वाट बघत जातील. काय करू, तूच सांग."

दुपारी भाऊजींनी न्हाव्याला बोलावून घेतलं, धुतलेला सदरा मागितला. "वहिनी, फार उतरलोय मी," मला म्हणाले. "ओळखेल ना?"

"न ओळखायला काय झालं?" मी म्हटलं आणि बटणं लावत राहिले.

खिडक्या लावल्या. दाराच्या फटीला चादर सरकवली. अंधारात ट्रंकेचं झाकण वाजलं, फडक्याची गाठ सुटली.

"उघड ना," भाऊजी म्हणाले.

"उघडलंय."

मी डोळे ताणून बघत होते. सगळं ठाऊक असून बघत होते. पलंगाची कडसुद्धा दिसत नव्हती.

"कशावरच पडत नाही?"

"नाही."

"तुला माहीत होतं."

"पहिल्यापासून."

भाऊजींचा श्वास घरघरत होता. ते म्हणाले, "आणि एवढी वर्षं तू एकटीच..." खोकल्याची उबळ ओसरल्यावर म्हणाले, "घडी घाल. उघडं राहिलं तर विरेल."

"विरू दे."

"नको. घाल."

वन्सं घडी घालू लागल्या. कोपऱ्याला कोपरा लावून त्या कड दाबत होत्या, ते नुसतं ऐकू येत होतं. एरवी भराभर चालणारा त्यांचा हात पुन्हा पुन्हा थांबत होता.

"इकडे दे," भाऊजी म्हणाले. त्यांनी ते गाठोडं चाचपडत घेतलं आणि धुतलेल्या सदऱ्यावर छातीशी धरलं. वन्सं पलंगावर टेकल्याचा आवाज झाला.

"खिडकी उघडू का?" मी विचारलं.

"राहू दे," दोघंही एकदम म्हणाली.