मूकपटवाल्या काकू

काकूंना रशियनचं अक्षरही येत नव्हतं, तरी रशियन सिनेमाचे संवाद त्या न अडखळता ऐकवायच्या. नव्वदीच्या दशकात शारजाला, अल मजाजमध्ये त्या आमच्या शेजारी राहायच्या. समोरची रशियन बाई मायदेशी परतताना त्यांना एका जुन्या मूकपटाची कॅसेट देऊन गेली. गोष्ट तिने खुणांनीच सांगितली होती: लग्न झालेल्या बाईला मोकळेपणाने जगायचंय, नवऱ्याला ते पटत नाही. बाकीचं काकू पुरवत.

शुक्रवारी दुपारी जेवणं उरकली की इमारतीतल्या चार-पाच मराठी बायका जमत. पडद्यावरची बाई ओठ हलवी आणि काकू म्हणत, "ती विचारतेय, दिवसभर घरात बसून करू काय?" मग जाड्या आवाजात नवऱ्याचं उत्तर, "तुला कमी काय आहे? एसी आहे, फ्रीज आहे." पडद्यावरच्या खिडकीबाहेर बर्फ पडत असायचा. आम्ही पोरं गालिच्यावर लोळून हसायचो. आतल्या खोलीत आडवे झालेले काका हसत नसत, कारण वाक्य त्यांचंच होतं.

काकूंना एका बालवाडीत नोकरी मिळत होती. त्या काकांच्या व्हिसावर, त्यामुळे काकांच्या सहीचं ना-हरकत पत्र हवं होतं. काका म्हणत, "इन्शाल्ला, बघू." तसतसे काकूंचे संवाद तिखट होत गेले.

एका शुक्रवारी काका बाहेर आले आणि उभ्यानेच शेवट बघू लागले. ती बाई बॅग उचलून निघून गेली.

"परत येते का?" त्यांनी हळूच विचारलं.

"पुढे पडद्यावर अक्षरांची पाटी आहे, पण रशियनमध्ये," काकू म्हणाल्या. या वेळी त्यांनी मनचं काही घातलं नाही.

काकांनी व्हीसीआर बंद केला. मग म्हणाले, "आण ते पत्र."

काकूंनी नऊ वर्षं शिकवलं, पुढे स्वतःच्या व्हिसावर. काका निवृत्त झाले तेव्हा त्या म्हणाल्या, "मार्चमध्ये वर्ष संपेपर्यंत वर्ग सोडायची नाही. तुम्ही व्हा पुढे." काका एकटेच साताऱ्याला गेले.

आठवड्याभरात त्यांचा फोन आला. मी काकूंकडेच होते.

"वरणाला शिट्ट्या किती?"

"तीन," काकू म्हणाल्या, "आणि झाकण लगेच उघडू नका." फोन ठेवून त्या पोरांची चित्रं तपासत बसल्या. डोळे पुसले, पण उठल्या नाहीत.