छोट्या गाडीतला भाऊ

मी आयुष्यात एक अख्खी चळवळ मोडून काढली आहे. तीसुद्धा एका गुरुवारी संध्याकाळी, चहाच्या कपबशांसमोर, शंभरपानी वहीतून मोठ्याने वाचून. इतकं सांगितलं की नातवंडं माझ्याकडे आदराने बघतात, म्हणून पुढचं सांगायचं मी टाळत आले. आज सांगते.

चळवळ होती आमच्या अकोल्याच्या मामेसासऱ्यांची. साऱ्या वऱ्हाडात त्यांच्याइतका प्रामाणिक माणूस झाला नाही, आणि त्यांच्या तोंडून एकच गोष्ट दोनदा सारखी ऐकलेला माणूसही झाला नाही. शाळेत ते गणित शिकवीत. "तीस वर्सं सात सत्ते एकोणपन्नास म्हणून राहिलो," ते म्हणत, "एका दिवशी तरी पन्नास करता आले का मले? मंग गोष्टीत तरी मोकळं राहू द्या ना!" या मोकळेपणाचं त्यांनी तत्त्वज्ञान केलं, त्याला 'फिरती गोष्ट' असं नाव दिलं आणि शेजारचे शिंपीकाका व पोस्टातले एक अबोल बाबू असे दोन अनुयायी मिळवले. सिद्धान्त असा, की गोष्ट चालती असते. मुक्कामाला लागली की मेली. म्हणून दर गुरुवारी त्यांच्या ओसरीवर मागच्याच गोष्टी पुन्हा सांगायच्या, पण काहीतरी बदलून. जो जशीच्या तशी सांगेल त्याने सगळ्यांसाठी चहा करायचा. पोस्टातल्या बाबूंना बदल सुचतच नसे, त्यामुळे करून करून त्यांचा चहा फार उत्तम होऊ लागला होता.

मी अमरावतीच्या वकिलाची मुलगी. साक्ष फिरली की माणूस खोटा, हे आमच्याकडे जेवताजेवता शिकवलं जाई. त्यात मॅट्रिकला मराठीत पहिली आलेली. म्हणजे जगातल्या सगळ्या अर्धवट गोष्टी पुऱ्या करायला देवाने मलाच पाठवलं आहे, अशी माझी खात्री. नवी सून असूनही पदर सावरत उलटतपासणी घेई. माझ्या पाहण्याच्या कार्यक्रमाची गोष्ट त्यांनी एकदा सांगितली, तर तीत एका बकरीने येऊन नवरदेवाच्या बशीतले पोहे खाल्ले.

"मामाजी, बकरी नव्हती तिथं!"

"नव्हती ना. आता हाये," ते शांतपणे म्हणाले.

पुढे परतवाड्याच्या एका लग्नात तीन बायकांनी मला त्या बकरीची खुशाली विचारली.

पण त्यांची लाडकी गोष्ट होती धाकट्या भावाची. फार वर्षांपूर्वी तो रागाने घर सोडून निघाला आणि मूर्तिजापूरच्या स्टेशनात यवतमाळच्या छोट्या, अरुंद रुळांच्या गाडीत बसताना शेवटचा दिसला. पुढचं मामाजींवर. एका गुरुवारी भाऊ कारंज्याला उतरून हलवायाच्या दुकानी राही, दुसऱ्या गुरुवारी दारव्ह्याला नाटक कंपनीत तबला धरी. एकदा तर रूळ यवतमाळला संपले तरी गाडी थांबली नाही. मी बेचैन! आठ गुरुवार टिपणं काढली, सगळे भाऊ एकमेकांशी ताडून पाहिले, न पटणारे काढून टाकले आणि सुवाच्य अक्षरात गोष्ट एकदाची 'पक्की' केली. वाटलं, म्हातारे हरखून जातील. भर बैठकीत वाचली. शेवटचं वाक्य माझं मलाच फार आवडलं होतं: 'आणि तो पुन्हा कधीच परतला नाही.'

मामाजींनी वही हातात घेतली, अक्षराची तारीफ केली आणि स्वतः उठून चहा ठेवला. पुढच्या गुरुवारी ओसरीवर सतरंजी पडली नाही. त्याच्या पुढच्याही नाही. रस्त्यात कुणी भावाचं विचारलं तर म्हणत, "सूनबाईच्या वहीत हाये. पुरी झाली ते."

माझ्या सासूबाई त्यांच्या सख्ख्या बहीण, म्हणजे त्या भावाच्याही. त्यांना विचारलं तेव्हा त्या तूर निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "अवं, गणितात नापास झाला म्हणून यानंच मारलं होतं त्याले. पोरगं उपाशीच गेलं. तवापासून हा त्याले गाडीत बसवून ठेवते. तू कावून उतरवलं?"

वही चुलीत घालणार होते, पण अक्षर खरंच चांगलं होतं. शेवटचं पान तेवढं घातलं. त्या गुरुवारी सतरंजी मीच अंथरली, शिंपीकाकांना आणि बाबूंना बोलावून आणलं, मामाजींना हाताला धरून बसवलं आणि जन्मात पहिल्यांदा धडधडीत खोटी साक्ष दिली. म्हटलं, "गाडी मूर्तिजापूर सोडून निघाली. पहिल्याच फाटकाशी भाऊंच्या ध्यानात आलं, छत्री घरीच राहिली. गाडी ते केवढी हळू! घेतली उडी, आन् लागले अकोल्याच्या रस्त्याले."

मामाजींची नजर अंगणाच्या फाटकाकडे गेली. आता ते नाहीत, शिंपीकाका नाहीत, आणि बाबूंसारखा चहा मला अजून जमलेला नाही. बकरीला मी पुढे दोन करडंही होऊ दिली. पण त्या संध्याकाळी मामाजी जे बोलले, त्यात मी कधी एक अक्षर बदललेलं नाही. त्यासाठी जन्मभर सगळ्यांचा चहा करावा लागला तरी चालेल. ते म्हणाले, "छत्री नको, सूनबाई. पावसाचं त्याले कधीच काही वाटत नव्हतं. डबा विसरला म्हण. भुकेपायी तरी लवकर येईन."