दोन हात, बावीस पोरं

इतिहासाच्या पुस्तकात आम्हाला एक धडा होता. आपल्या देशात चहूकडून माणसं आली आणि सगळी मिसळून एकजीव झाली, असं त्यात दोन पानांत उरकलं होतं. परीक्षेत हमखास पाच गुणांना यायचं. कोण कुणात मिसळलं आणि त्या वेळी रडारड किती झाली, याचा त्यात पत्ताच नव्हता. मला मात्र त्या मिसळण्यातली एक दुपार पक्की ठाऊक आहे, कारण रडणाऱ्यांत मी होते. वय आठ महिने. आठवत काही नाही, पण आईने इतक्यांदा सांगितलंय की आता मीच तिच्या चुका काढते.

आई साबणाच्या कारखान्यात होती, वड्यांना कागद गुंडाळायच्या खात्यात. तिथल्या बायका कुठून कुठून आलेल्या. कुणी डोंगराकडच्या, कुणाचे आजे कालवा खणायला आले ते इथेच राहिलेले, कुणी लढाईच्या वेळी सरहद्द ओलांडून आलेल्या. आम्ही किनाऱ्याकडचे. मॅनेजरसाहेबांना या गोष्टीचा भारी अभिमान. संधी मिळाली की ते खुर्चीवर चढायचे आणि म्हणायचे, "तेल कुठलंही आणा, आपल्या कढईतून वडी एकच निघते! देशाचंही तसंच आहे!" टाळ्या पडायच्या. स्वतः साहेब आपला डबा केबिनचं दार लावून एकटे खायचे, ती गोष्ट वेगळी.

कागद गुंडाळायच्या खात्यामागे पाळणाघर होतं. एक लांबलचक खोली, बावीस पाळणे, आणि त्या बाविसांना सांभाळायला एक बाई. तिचं नाव फक्त हजेरीपटाला ठाऊक होतं. बाकी सगळे तिला झोपमावशी म्हणायचे. हाडापेराने दणकट, आवाज असा घोगरा की तिने अंगाई म्हटली असती तर झोपलेलं पोर दचकून उठलं असतं. म्हणून ती नुसतं गुणगुणायची.

नवं मूल आलं की ती आईला एकच विचारायची, "कसं झोपतं?" डोंगराकडच्या बायका म्हणायच्या, कानाची पाळी हलके हलके चोळायची. कालव्यावरच्यांना पाठीवर थोपटलेलं लागायचं, तेही दोन-दोन थापांनी. आमच्यात पसरलेल्या पायांवर मूल घेऊन हलवायचं. सरहद्दीपलीकडच्यांची पोरं डोळ्यांवर मऊ फडकं पडल्याशिवाय पापणी मिटत नसत. झोपमावशीने हे सगळं मनापासून शिकून घेतलं. घोटाळा एवढाच की हात दोन आणि पोरं बावीस. जे पोर रडेल त्याच्याकडे जो हात मोकळा असेल तो जायचा, आणि त्या हाताला त्या क्षणी जे सुचेल ते तो करायचा. पोरं झोपत होती. आणखी कुणाला काय हवं?

आजीला हवं होतं. एका सुट्टीच्या दिवशी दुपारी तिने मला पायांवर घेतलं आणि हलवायला लागली. मी घर डोक्यावर घेतलं. शेवटी आई आली, माझी कानाची पाळी धरली, पाठीवर दोन थापा मारल्या. मी गप्प.

"हे काय?" आजी म्हणाली.

"पाळणाघरात तशीच झोपते ती."

"कान चोळून? हे तर डोंगराकडच्यांचं! आणि या थापा कुणाच्या?"

आईने सांगितलं नाही, पण आजीला कळायचं ते कळलं. दुसऱ्या दिवशी ती तरातरा कारखान्यात गेली. फाटकापाशी तिला आणखी तीन आज्या भेटल्या. डोंगराकडच्या आजीचा नातू आता फडक्याशिवाय झोपत नव्हता, कालव्यावरच्या आजीची नात कुणाच्याही पायांवर चढून बसायची, आणि सरहद्दीपलीकडच्या आजीला तर रडूच फुटलं होतं. एरवी या चौघी एकमेकींकडे ढुंकून बघत नसत. त्या दिवशी त्यांची एकी झाली, ती फक्त वेगळं होण्यासाठी.

साहेबांनी कढईचं भाषण सुरू केलं, पण चार आज्यांपुढे कुठली कढई टिकते? दोन दिवसांत पाळणाघरात प्लायवूडच्या भिंती उभ्या राहिल्या. एका खोलीच्या चार झाल्या, आणि प्रत्येक खोलीला त्या त्या लोकांतली एक बाई. त्यासाठी छापील फॉर्म आला. नाव, वय, आणि कुठल्या लोकांपैकी. झोपमावशी तिसऱ्या रकान्यापाशी अडली. तान्ही असताना ती अनाथालयाच्या पायरीवर सापडली होती. सोबत कपडा होता, चिठ्ठी नव्हती.

"काहीतरी लिही गं," कारकून म्हणाला. "कोण बघायला येतंय?"

"खोटं कशाला लिहू?"

झालं. चार खोल्या आणि चारही भरलेल्या. झोपमावशीला बाहेरच्या बोळाची फरशी पुसायला लावलं. आठवडाभर हे नीट चाललं की तिची बदली वखारीत, खोके रचायला. पोरांचा संबंध संपला. आईला अजून हे सांगताना राग येतो. त्या बाईला घर नव्हतं, माणसं नव्हती. तिच्याकडे तेवढी बावीस पोरं होती, तीही दुसऱ्यांची, आणि तीही आता काढून घेतली होती.

पहिल्या दिवशी चारही आज्या विजय बघायला हजर. जेवणानंतर पोरांना झोपवायची वेळ झाली. आमच्या खोलीत आमच्यातल्या बाईने अस्सल आमच्या पद्धतीने पाय पसरले. मी किंचाळले. माझं ऐकून शेजारचा किंचाळला. प्लायवूडची भिंत ती केवढी! पलीकडे कालव्यावरचे सुरू झाले, मग उरलेल्या दोन्ही खोल्या. बावीस पोरं एका सुरात रडू लागली, आणि आया हातातले कागद टाकून धावल्या. आयांना पाहून पोरांना आणखी चेव आला. साहेब केबिनमधून ओरडत होते, पण काय ते कुणालाच कळलं नाही.

आजी मला खांद्यावर टाकून बोळात आली. झोपमावशी गुडघ्यांवर बसून फरशी पुसत होती. एकच जागा, पुन्हा पुन्हा. तिचे डोळे सुजले होते.

"हिला काय हवंय?" आजीने विचारलं.

"माझे हात ओले आहेत, आजी. तुम्हीच करा. डाव्या कानाची पाळी धरा, आणि पाठीवर दोन-दोन थापा."

"ते आमच्यात नाही."

"हिच्यात आहे."

आजीने बोळात कुणी बघत नाही ना ते पाहिलं आणि पाळी धरली. मी दोन मिनिटांत झोपले. आजीचा एवढा अपमान जन्मात कुणी केला नसेल. ती हळू आवाजात म्हणाली, "तुला कसं गं झोपवायचे?"

"आमच्याकडे घंटा व्हायची. घंटा झाली की डोळे मिटायचे."

"ते मोठेपणी. अगदी तान्ही होतीस तेव्हा?"

झोपमावशीने फडकं पिळलं. "कुणी घेतलं असेल तर मला माहीत नाही."

 आजीने झोपमावशीला दंडाला धरून उठवलं, आपल्या हाताने तिचे हात कोरडे केले आणि तिला आत ढकललं. अर्ध्या तासात चारही खोल्या शांत झाल्या.

मग आज्या केबिनमध्ये शिरल्या. "तक्रार मागे," आजी म्हणाली.

साहेब घाम पुसत म्हणाले, "माझी हरकत नाही हो! पण फॉर्म पुरा भरल्याशिवाय तिला पोरांवर ठेवता येत नाही. वरून विचारतात."

"मग लिहा, किनाऱ्याकडची."

"का म्हणून?" डोंगराकडची आजी उसळली. "तुमची नात कान चोळून झोपते. आमच्यातली लिहा!"

"थापा कुणाच्या मग?" कालव्यावरची आजी पुढे सरसावली. सरहद्दीपलीकडच्या आजीने तर साहेबांच्या हातातलं पेनच घेतलं. सकाळपर्यंत जिला एकीनेही आपली म्हटलं नव्हतं, तिच्यावरून चौघी हातघाईवर आल्या.

झोपमावशी दारात उभी होती, कालव्यावरचं एक पोर खांद्यावर घेऊन.

"साहेब, ते रिकामंच राहू द्या," ती म्हणाली. "एकीची झाले तर बाकीच्यांची पोरं मला परकी होतील."

 साहेबांनी पेन परत घेतलं आणि त्या रकान्यात एक आडवी रेघ मारली. तेवढ्यात आत कुणीतरी रडायला लागलं, आणि कुणाचं ते न विचारता ती धावली.